धाकट्या कर्जदाराचं वय

‘किंमत नका बघू हो मालक, महिन्याला किती झेपतंय तेवढं सांगा,’ असं श्रीशैल म्हणत होता आणि त्याचा हात सवयीनं फ्रीजच्या दारावरनं फिरत होता, तेवढ्यात खिशातला फोन थरथरला. त्यानं तो तसाच थरथरू दिला. समोर मोहोळकडचं जोडपं उभं होतं, रावजी आणि रंभाबाई, लेकीला लग्नात फ्रीज द्यायला आलेलं. रावजीचा जीव निळ्या, दोन दारांच्या फ्रीजवर बसलेला, आणि रंभाबाई मघापासून एकच धोसरा लावून होती, ‘पर समदं मिळून किती जातंय वो?’ अहो मावशी, समदं मिळून कशाला बघायचं, दोन हजार महिन्याला, दोन हजार म्हणजे मालकांचा चहा-बिडीचा खर्च, असं श्रीशैलनं हसत हसत सांगितलं, आणि ती बाई गंभीरपणे म्हणाली, ‘हे बिडी पीत न्हाईत.’ सोलापूरच्या नव्या पेठेतल्या या दुकानात वीस वर्षं उभा राहून श्रीशैल हे वाक्य विकत आला होता. फ्रीज, टीव्ही, वॉशिंग मशीन ही नावं नुसती. विकायचा असतो तो हप्ता. माणूस हप्त्याकडं बघायला लागला की किंमत त्याच्या डोळ्यांपुढनं आपोआप जाते, हे त्याला पाठ होतं. फोन पुन्हा थरथरला. नाव बघितलं तर शिवानी, धाकटी बहीण, शाळेत शिकवणारी. शाळेच्या वेळात शिवानी कधी फोन करत नाही. ‘एकच मिनिट हं मालक,’ म्हणून तो कुलरच्या रांगेमागं गेला.

‘अण्णा, कामात हायस का?’ ‘बोल की.’ ‘बँकेत आलेवते मी. त्या मडिवाळप्पांच्या घरासाठी, तुला सांगितलंवतं बघ. तर हितं म्हणायलेत, मॅडम, तुमच्या नावावर आधीच घराचं कर्ज हाय, तीस लाखाचं. मी म्हणलं, ते आमच्या अण्णाचं, मी नुसती सही केलीय. तर हसायलेत. आणि म्हणायलेत, ते दोन हजार एक्कावन्नपर्यंत हाय. आपलं तर वीसच वर्षाचं होतं न्हवं? काहीतरी चुकलंय त्यांचं. बघतोस का जरा?’ ‘कॉम्प्युटरची चूक असणार,’ श्रीशैल म्हणाला. इतक्या पटकन म्हणाला की त्याचं त्यालाच ते उत्तर आधीपासून तोंडात धरून ठेवल्यासारखं वाटलं. ‘मी बघतो. तू काळजी करू नको.’ ‘काळजी कशाची. इसार दिलाय, पण महिनाअखेरपर्यंत मडिवाळप्पांना पक्कं हो-नाही सांगायचंय एवढंच. दुसरं गिऱ्हाईक थांबलंय त्यांच्याकडं.’ फोन ठेवून तो परत आला. रावजीनं मनाशी ठरवून टाकलं होतं. कागद निघाले, आणि श्रीशैलनं पेन रंभाबाईपुढं केलं. ‘माझी कशाला?’ तिनं विचारलं. ‘काही नाही मावशी, नुसती सही.’ हे शब्द तोंडातनं बाहेर पडले आणि त्याचे त्यालाच ऐकू आले. दुकानातल्या सगळ्या टीव्हींवर एकच बाई एकाच वेळी हसत होती. रंभाबाईनं वाकून, जीभ दाताखाली धरून, एकेक अक्षर जोडत सही केली.

नुसती सही! शिवानीकडनं त्यानं अशा दोन सह्या घेतल्या होत्या. पहिली बाळीवेशीतल्या घराची. घर कसलं, दोन खोल्या आणि पुढं फरशी; पण अप्पांनी, म्हणजे वडील गुरुसिद्धप्पांनी, कापडदुकानात आयुष्यभर थान उलगडून घेतलेल्या. अप्पा गेले, आणि ते विकून फ्लॅट घ्यायचं ठरलं तेव्हा बहिणीचं हक्कसोडपत्र लागलं. त्यात कुणाला काही वावगं वाटलं नव्हतं, वाटायचं कारणच काय? सगळ्यांच्या बहिणी सोडतात. हक्क सोडायचा, भावानं साडीचोळी करायची, आणि माहेर तेवढं पक्कं करून घ्यायचं, अशीच रीत. अव्वानं, त्यांच्या आईनं, स्वतः नव्या पेठेत येऊन इरकल निवडली होती, गर्द हिरवी, लाल पदराची, आणि शिवानीच्या मांडीवर ठेवून म्हणाली होती, ‘सही कर ग. अण्णाचं घर म्हंजे आपलंच की.’ शिवानीनं साडी उघडून गालाला लावली आणि सही केली. तिची सही शाळेतल्या फळ्यावरच्या अक्षरासारखी सरळ, गोल, कुणालाही वाचता येईल अशी. दुसरी सही बँकेतली. श्रीशैलचा कागदावरचा पगार तुटपुंजा, बाकी सगळं कमिशन, आणि कमिशनला बँक कुठं विचारते? कर्जाचा एजंट म्हणाला, घरात कुणी सरकारी स्केलवर आहे का? शिवानी अक्कलकोटला अनुदानित शाळेत. तिचा पगार जोडला आणि जे कर्ज दहा-बारा लाखांवर अडलं होतं ते एकदम तीस लाखांवर गेलं. त्या दिवशी श्रीशैलनं एजंटला आणि शिवानीला, दोघांनाही, बँकेसमोर उसाचा रस पाजला होता. आणि मग घर कुणाच्या नावावर घ्यायचं हा प्रश्न आला, तेव्हा अव्वाच म्हणाली, त्याच्या आणि सुनेच्या नावावर असू दे. उद्या शिवानीचं लग्न ठरलं तर तिच्या सासरचे लोक घरात वाटा सांगत येतील, नसती भानगड. सगळ्यांना पटलं. शिवानीलासुद्धा पटलं! तेव्हा ती सदतीस वर्षांची होती, स्थळं येणं बंद झालेलं, तरी तिच्या न झालेल्या सासरच्या माणसांपासून घर वाचवण्यासाठी ती चौघं गंभीरपणे बोलत बसली होती. मग कर्जालासुद्धा त्याच सासरी जावं लागेल, हे एकाच्याही डोक्यात आलं नाही. घरावर नाव नाही आणि कर्जावर आहे. आता हे असं शब्दांत मांडलं की कसं दिसतं. तेव्हा ते शब्दांत कुणी मांडलंच नव्हतं.

मात्र हप्ता त्यानं एकदाही चुकवला नव्हता. तिच्याकडनं कधी एक रुपया घेतला नव्हता. दुसऱ्या दिवशी बँकेकडं चालत जाताना हीच दोन वाक्यं तो मनातल्या मनात घोळवत होता, कोर्टात जायचं असल्यासारखी. ग्रामदैवताची गड्डा यात्रा संपून आठ दिवस झाले होते, पाळण्यांचे सांगाडे ट्रकवर चढत होते, उन्हाला जानेवारीतला कोरडा चटका होता. तेवीस हजार रुपये, दर महिन्याच्या पाच तारखेला, चार वर्षं. अव्वा गेली त्या महिन्यातसुद्धा. बँकेत बिभीषण नावाचा लातूरकडचा तरुण अधिकारी होता, बोलायला गोड, कपाळावर अष्टगंध. त्यानं कॉम्प्युटरचा पडदा श्रीशैलकडं वळवला. आजवर भरले ते साधारण अकरा लाख. मुद्दल उतरलं ते दोन लाख. बाकीचे नऊ? ‘व्याज, सर. सुरुवातीला हप्त्यात व्याजच जास्त असतं. त्यात आपण कर्ज घेतलं कोरोनाच्या सालात, दर एकदम खाली होता. मग वाढला. वाढला तेव्हा हप्ता तोच ठेवला, म्हणून मुदत लांबली.’ श्रीशैल मान हलवत राहिला. त्याला हे समजत नव्हतं असं नाही. समजत होतं, हेच वाईट होतं. समदं मिळून किती जातंय वो? त्यानं विचारलंच शेवटी, त्याच शब्दांत नाही, जरा साहेबी भाषेत. बिभीषणनं बोटं चालवली आणि जो आकडा आला तो चौऱ्याऐंशी लाखांच्या आसपास घुटमळत होता. तिसांचे. पण श्रीशैल त्या आकड्याकडं बघत नव्हता, तो दुसऱ्याच रकान्याकडं बघत होता. ‘मी आत्ता सत्तेचाळीस. एक्कावन्न साली मी चौऱ्याहत्तर. इतकी मुदत मला दिलीच कशी तुम्ही?’ ‘तुम्हाला नाही दिली सर,’ बिभीषण तितक्याच गोडपणे म्हणाला. ‘आमच्याकडं पगार जोडलेला धाकटा कर्जदार असेल तर मुदत त्याच्या वयावर बसवता येते. तुमच्या वयात नव्हती बसत. मॅडमच्या वयात बसली.’

मॅडमच्या वयात बसली. हे त्याला घरापर्यंत पुरलं. म्हणजे काय झालं, तर त्याची स्वतःची वर्षं संपली तिथनं पुढची वर्षं त्यानं बहिणीची काढून बँकेला दिली. शिवानी एक्केचाळीस आहे, अडुसष्टाची होईपर्यंत ती या कर्जात आहे, शाळेतनं निवृत्त होऊन दहा वर्षं होतील तरी आहे. आणि आपण मध्येच गेलो तर मग ती एकटीच आहे. तिचं नाव काढायचं असेल तर? त्यानं विचारलं होतं. दुसरा पगार जोडा, नाहीतर मुद्दल निम्म्यावर आणा, तुमच्या एकट्याच्या पगारावर चौदा लाखांपर्यंत राहील. चौदा लाख आणायचे कुठनं? नाहीतर मग विकून मोकळं व्हा सर, असं बिभीषण सहज म्हणाला होता, जणू स्कूटर विकायची होती. जुळे सोलापूरला जाणाऱ्या रिक्षात बसल्यावर श्रीशैलनं डोळे मिटून घेतले, आणि ज्या गोष्टीपाशी जायचं तो कालपासून टाळत होता तिथं तो येऊन पोचला. ओटीपी. दोन वर्षांपूर्वीची दुपार. दर वाढल्याचा बँकेचा मेसेज आला होता: हप्ता सत्तावीस हजार करायचा, की तोच ठेवून मुदत वाढवायची, अमुक तारखेच्या आत कळवा. दोन्ही कर्जदारांची संमती लागेल. दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. कुलरच्या त्याच रांगेमागं उभं राहून त्यानं शिवानीला फोन लावला होता. ‘तुझ्या फोनवर एक नंबर आला असेल बघ. लवकर सांग, लगेच बाद होतोय तो.’ तिच्या मागं पोरं पाढे म्हणत होती, सात सक बेचाळीस. तिनं वर्गाला ‘गप्प बसा रे’ म्हटलं आणि एकेक आकडा सुटा सुटा, पोरांना सांगावा तसा सांगितला. मग विचारलं, ‘कशाचा रे हा?’ आणि तो म्हणाला, ‘बँकेचं काहीतरी अपडेट असतंय.’

आता खरं काय ते बोल, तो स्वतःला म्हणाला. तुला माहीत नव्हतं? फोनच्या पडद्यावर लिहिलं होतं. नवी अखेरची तारीख तिथं ठळक अक्षरांत होती, आणि त्यानं ती वाचली होती. वाचून त्याला काय वाटलं? काही वाटलं नाही, हे खरं उत्तर. एक्कावन्न हे साल त्याला सालच वाटलं नाही. त्याच्या मनात तेव्हा होता तो वाचलेला चार हजारांचा फरक, आणि त्या चार हजारांतनं त्या उन्हाळ्यात बेडरूमला एसी बसला, त्याचासुद्धा हप्ता. सोलापूरचा उन्हाळा काय असतो हे कुणाला सांगायला नको. एसीत कुणाला पाप वाटेल? पण त्याच उन्हाळ्यात शिवानी अक्कलकोटच्या भाड्याच्या पत्र्याच्या खोलीत राहत होती. आधी ती त्यांच्याकडंच राहायची, फ्लॅटमधल्या लहान खोलीत, रोज एसटीनं ये-जा करून. मग एक दिवस तिथं पोराचं अभ्यासाचं टेबल आलं, मग त्याचं कपाट आलं, आणि शिवानी म्हणाली, ‘अण्णा, ये-जा झेपेना झालीय मला, तिथंच खोली बघते.’ तिनं सांगितलं आणि त्यानं खरं मानलं. सोयीचं होतं ते. खोली सोडताना तिनं फरशी पुसून घेतली होती, हे त्याला रिक्षात आठवलं, आणि त्याला स्वतःची इतकी किळस आली की त्यानं रिक्षावाल्याला उगाचच ‘इथंच थांबव’ म्हणून मध्येच उतरून घेतलं.

दार उघडून आत आल्यावर तो चपला काढून हॉलमध्ये नुसताच उभा राहिला. पायाखाली फरशी गार होती. ही फरशी कुणाची? पंधरा लाख आले ते बाळीवेशीच्या घराचे, म्हणजे हॉल अप्पांचा म्हणायचा, आणि त्यातला एक हिस्सा शिवानीचा, तो एका इरकलीवर सुटलेला. बाकी सगळं बँकेचं. त्यानं चार वर्षं राब राब राबून फेडलेल्या दोन लाखांत काय येतं? मोरी येईल. फार तर मोरी आणि कपडे वाळत घालायची गॅलरी. त्याला हसू आलं आणि ते हसू बायकोनं ऐकलं. सिद्धेश्वरी स्वयंपाकघरातनं हात पुसत बाहेर आली. ‘एकटेच काय हसायलाय?’ ‘काही नाही. शिवानीला घर घ्यायचंय अक्कलकोटला.’ ‘मला पण म्हणल्यावत्या की ताई फोनवर. मला काय पटत नाही हो. एकट्या जिवाला कशाला घर? हप्ते फेडत बसायचं उगाच. उद्या म्हातारपणी इथंच येणार की त्या. आपण काय टाकणार हाय का त्यांना? हे घर त्यांचंच की.’ ती हे मनापासून म्हणाली. सिद्धेश्वरी वाईट बाई नाही. शिवानीला ताप आला तर हीच डबा घेऊन एसटीत बसते. तिला ठाऊकच नव्हतं काही, कारण त्यानं सांगितलं नव्हतं. आता सांगावं. ‘समज, विकलं तर?’ ‘काय?’ ‘फ्लॅट.’ ती आधी हसली, मग त्याच्या तोंडाकडं बघून हसायची थांबली, आणि जवळ येऊन तिनं त्याच्या कपाळाला हात लावला. ‘तब्येत बरी हाय न्हवं? पोराची बारावी तोंडावर हाय, आणि हे काय काढलंय?’ ‘असंच. गंमत केली,’ श्रीशैल म्हणाला. गंमत! घाबरट माणूस. पुढं चहा झाला, चहाबरोबर कडक भाकरीचा चुरा आणि शेंगाचटणी झाली, आणि त्यानं ते सगळं चवीनं खाल्लं. जीभ आपली चव घेतेच, तिला कसलं काय.

सुट्टीच्या दिवशी तो अक्कलकोटला निघाला. गाडीत स्वामींच्या दर्शनाला निघालेल्या बायका होत्या, मराठीत सुरू केलेलं वाक्य कानडीत संपवणाऱ्या. दोन्ही बाजूंना शाळू कणसावर आला होता. त्यानं ठरवून ठेवलं होतं: खोलीत गेल्या गेल्या सांगायचं, बसायच्या आधी. मग तिनं आरडाओरडा करावा. ती रडेल, बोलेल, अप्पांचं नाव काढेल, आणि आपण ऐकून घेऊ. या ऐकून घेण्याचं त्याला मनातनं जरा बरंसुद्धा वाटत होतं, आणि तसं वाटतंय हे कळल्यावर पुन्हा लाज वाटली. फेडायचं काही नाही, दोन शिव्या खाऊन मोकळं व्हायचं, हा त्याचा बेत. पण शिवानीच्या खोलीच्या दारात पाऊल ठेवलं तर ती म्हणाली, ‘आधी जेव,’ आणि ताट पुढं आलं. शेंगाची पोळी केली होती, त्याच्यासाठी. पोळीवर तूप वितळत होतं आणि ती समोर बसून सांगत होती, मडिवाळप्पा लई भला माणूस, त्यांच्या नातीला मी शिकवलं ना, म्हणून दोन लाख कमी सांगितलेत. ते मुलाकडं कलबुर्गीला चाललेत कायमचे. दोनच खोल्या हायत, पण मागं एवढीशी मोकळी जागा हाय आणि सकाळचं ऊन थेट चुलीपाशी येतंय. ‘आणि मुख्य म्हणजे अण्णा, कुणी खोली खाली करा म्हणणार नाही.’ हे ती सहज बोलली. त्याच्याकडं बघून नव्हे. ताकाचं भांडं पुढं सरकवत. तिच्या कानाजवळचे केस पांढरे झाले होते. कधी झाले? ‘बँकेचं काय झालं, गेलावतास का?’ तिनं विचारलं. ‘गेलतो,’ तो म्हणाला. ‘मग निघालं ना चुकीचं?’ त्याच्या तोंडात पोळी होती. त्यानं मान अशी हलवली की ती होही होती आणि नाहीही. ‘चल मग,’ ती उठली, ‘आत्ताच जाऊन येऊ त्यांच्याकडं. तुला घर पण दाखवते.’

रस्त्यात त्यानं सांगितलं. असं सांगायचं नव्हतं, पण भक्तनिवासाच्या भिंतीकडनं जाताना ती पुढं आणि तो मागं होता, तिचं तोंड दिसत नव्हतं, म्हणून जमलं. ‘शिवानी, चुकीचं नाहीये ते.’ ती थांबली नाही. तो तिच्या पाठीशी बोलत राहिला, व्याज, दर, मुदत, सगळं भराभरा, गिऱ्हाइकाला समजू नये अशा वेगानं. आणि स्वतःचाच तो दुकानातला वेग ऐकून तो मध्येच गप्प झाला. मग नीट सांगितलं. ‘मी वाढवून घेतली मुदत. हप्ता वाढू नये म्हणून. माझ्या वयात बसत नव्हती, तुझ्या वयावर घेतली.’ ‘माझ्या वयावर,’ ती म्हणाली. रिक्षा गेली, हाराची टोपली घेतलेली बाई गेली. ‘ते पाढे चालले होते, तेव्हा?’ ‘हो.’ ‘आणि तुला माहीत होतं?’ या प्रश्नाला नाही म्हणता आलं असतं. तिनं विश्वाससुद्धा ठेवला असता, आणि तोच तर घोळ होता, ती ठेवायचीच. ‘वाचलं होतं मी,’ श्रीशैल म्हणाला. तिच्या खांद्यावरची पिशवी घसरली, ती तिनं सारखी केली. आता बोलेल, आता वळेल, असं त्याला वाटत राहिलं, आणि ती आपली चालत राहिली, फक्त जरा हळू. बोळाच्या तोंडाशी आल्यावर तिनं विचारलं, ‘काढता येतंय नाव?’ ‘चौदा लाख भरले तर. नाहीतर फ्लॅट विकला तर.’ ‘वैनीला विचारलंस?’ ‘विचारलं.’ आणि लगेच, ‘नाही. विचारलं नाही. गंमत केली म्हणून सांगितलं.’ तिनं पहिल्यांदा त्याच्याकडं बघितलं. रागानं बघितलं असतं तर बरं झालं असतं. ती अनोळखी माणसाला पत्ता विचारायच्या आधी बघावं तसं बघत होती. ‘ते वाट बघत असतील,’ ती म्हणाली. ‘त्यांना तूच सांग.’

मडिवाळप्पा दारातच खुर्ची टाकून बसले होते, पांढरी टोपी, कपाळभर विभूती, सत्तरीचा माणूस. ‘बर्री बर्री, या बाई, या,’ म्हणून ते लगबगीनं उठले, आणि शिवानीनं ‘हे आमचे अण्णा’ म्हटल्यावर त्यांनी श्रीशैलचा हात दोन्ही हातांत धरला. घर त्यांनीच हिंडून दाखवलं, ऊन कुठं येतं ते दाखवलं, पाण्याचा हौद दाखवला, मागच्या जागेत उकिरडा नाही, स्वच्छ माती आहे, ती पायानं उकरून दाखवली. श्रीशैल प्रत्येक ठिकाणी ‘छान आहे’ म्हणत गेला. शिवानी मागच्या दाराच्या चौकटीला टेकून उभी होती, बाहेर आली नाही. आपण हे सगळं बघून घेतोय, असं त्याला वाटलं. तिच्या वाटणीचं घर तिच्याआधी आपणच बघून घेतोय. ‘मग? कधी करायचं सांगा,’ मडिवाळप्पा म्हणाले. ‘ते दुसरे पंढरपूर रोडचे रोज फोन करायलेत, पर मी म्हणलं, आधी बाई. बाईनी इसार दिलाय.’ श्रीशैलनं तिच्याकडं बघितलं, ती मातीकडं बघत होती. ‘घर घेता येणार नाही तिला,’ तो म्हणाला. ‘का वो? आवडलं न्हाई?’ ‘आवडलं. बँक कर्ज देत नाही. तिच्या नावावर आधीच एक आहे. घराचंच.’ म्हाताऱ्याचा चेहरा एकदम उजळला. काही वाईट असेल म्हणून तो धास्तावला होता, आणि हे तर चांगलंच निघालं. ‘असं व्हय!’ तो शिवानीकडं वळून कौतुकानं म्हणाला, ‘म्हंजे घर हाय की बाईस्नी! सोलापुरात? मग सांगायचं न्हाई का? आम्हाला वाटलं, बाई बिनघराची हाय.’

आता इथं गप्प बसलं तरी चालणार होतं. मान डोलावली असती, तर इसार परत मिळाला असता, चहा झाला असता, बाईंचं सोलापुरात घर आहे अशी अक्कलकोटात वार्ता झाली असती, आणि शिवानीनं ती खोटीसुद्धा पाडली नसती. तिनं आजवर त्याचं काहीच खोटं पाडलं नव्हतं. ‘नाही,’ तो म्हणाला. आवाज नीट निघाला नाही, म्हणून त्यानं पुन्हा म्हटलं. ‘नाही. तिला घर नाही. घर माझं आहे. माझ्या आणि माझ्या बायकोच्या नावावर. कर्ज तेवढं तिच्यावर आहे.’ मडिवाळप्पांना आधी ते कळलं नाही. मग कळलं. त्यांनी श्रीशैलकडं बघितलं नाही, त्याला काही विचारलंही नाही. ते मागच्या दाराकडं दोन पावलं टाकत शिवानीपाशी गेले आणि लेकीला विचारावं तसं, खाली वाकून, खरं का म्हणून विचारलं, ‘हौदेनव्वा?’

‘हौद्री,’ शिवानी म्हणाली.

आणि हो म्हणून झाल्यावर, अण्णासमोर, पदर तोंडाला लावून ती रडायला लागली.